साडेनऊ बोटं

नाटकातल्या कामगाराला लेथ चालवता येत नव्हता.
म्हणून वरळीच्या स्टुडिओतून एक पोरगेला माणूस
कुर्ल्यात आमच्या बंद फाटकाशी आला,
विचारत, टर्नर आहे का कोणी, रिकामा?
आम्ही सत्तेचाळीस जण होतो, रिकामे.
मी जवळ उभा होतो, एवढंच.

मशीन त्यांनी भंगारातून आणलेलं, पेटीसुद्धा गंजलेली.
नट भला माणूस. हात मऊ.
चकची चावी त्याने अशी धरली
जशी आरतीतली घंटा.
मी म्हटलं, बाही वर करा, मशीनला बाही फार आवडते.
तो हसला.
मी डावा हात पुढे केला. मधलं बोट, वरचं पेर नाही.
मग तो हसायचा थांबला
आणि बाही वर केली.

दुपारपर्यंत जमेना तेव्हा दिग्दर्शक म्हणाले,
राहू दे, चेहरा याचा घेऊ,
हात तुमचे.

पावतीवर रकाना होता, कामाचं स्वरूप.
कारकुनाने लिहिलं : हात.
पस्तीस रुपये. तिकिटावर सही.

खरं तर नाटकात नव्हतं ते असं :
लढाईच्या त्या डिसेंबरात काचांना काळा कागद होता,
आत आम्ही तोफगोळ्यांची कवचं कातत होतो,
पाळीला पाळी जोडून.
भाकरीला कुलंटचा वास.
मालक स्वतः किटली घेऊन फिरला एका रात्री,
म्हणाला, तुम्हीही जवानच.
बाकीच्यांचं माहीत नाही, मला ते खरं वाटलं.
फार खरं वाटलं.
दोन थाउचा फरक राहिला
तर तिकडे कुणाचातरी पोरगा फुकट जाईल,
म्हणून प्रत्येक नग मी दोनदा मापला,
दुसऱ्या मापाचे पैसे कुणी धरलेले नसताना.
तिकडून जो गोळा गेला, तो कुणाच्या पोरावर पडला,
हे मी तेव्हा मापलं नाही.

जिंकलो. पेढे. एक पत्र्याचा बिल्ला,
त्याची टाचणी आठवड्यात तुटली.
जूनमध्ये नोटीस लागली
आणि आमच्यातला एकमेव मॅट्रिक, बाबल्या पेडामकर,
ती सगळ्यांना मोठ्याने वाचून दाखवताना
मध्येच खोकत राहिला.

नाटक लागलं त्या रात्री पिंटोबाईंच्या खोलीत
टीव्हीच्या लाकडी दाराचं कुलूप उघडलं.
माणसं पलंगाखालीसुद्धा.
मी कुणाला सांगितलं नव्हतं.
पडद्यावर मशीन फिरलं, लोखंडाचा कीस गोल गोल निघाला,
करडा, कारण तिथे सगळंच करडं होतं,
आणि माझे हात आले,
आमच्या खोलीच्या दारापेक्षा मोठे.

मग चेहरा आला, त्याचा. मग त्याचे हात,
दहाच्या दहा बोटं.
मग पुन्हा काम करणारे माझे.
बोट यायचं आणि जायचं,
कुणाच्या लक्षात आलं नाही.
अंधारात फक्त चंद्रा माझ्याकडे वळली,
माझ्या मांडीवरचा हात चाचपून पाहिला,
जागेवर आहे ना, तसा.

शेवटी तो फाटकावर चढून बोलला.
चार मिनिटं, एकदाही न अडखळता,
लढाई, देश, पोट, सगळं ओळीने.
पिंटोबाई रडल्या. पोरांनी टाळ्या वाजवल्या.
चित्र आक्रसत गेलं, काचेत एक पांढरा ठिपका उरला,
तोही विझेपर्यंत कुणी उठलं नाही.

जिन्यात चंद्राने विचारलं,
तुम्ही बोललात का हो असं, मालकाला?

मी म्हटलं, पायरी तुटकी आहे, बघून ये.

बोललो नव्हतो.
दीड महिन्याचा पगार समोर ठेवला होता,
पेन त्याचंच होतं,
आणि मी सही केली, नीट, वळणदार,
उजव्या हाताने.
तो हात पुरा आहे.